कुमेझो-आजोबांची जागा

आमच्या कुरामाता गावात एकोणीस घरं आहेत, आणि ऑक्टोबर लागला की त्यांतल्या एकाही घरात खरं बोलणारा माणूस सापडत नाही. एरवी माणसं सोन्यासारखी. दाराला कुलूप नाही, बांधावरून भांडण नाही. कुणी पायरीवर मुळ्याची जुडी ठेवून गेलं, तर ते कोण हे शोधण्यातच माझा अर्धा दिवस जातो. पण डोंगरावर लाल पाइनच्या मुळाशी मात्सुताके अळंबी डोकं वर काढते आणि तीच माणसं ताकास तूर लागू देत नाहीत.

अळंबी उगवते ती ज्याची त्याची जागा. बाप ती मुलाला सांगतो, पण अगदी मरायला टेकल्यावरच. आमच्या सरपंचांचे, म्हणजे मोरिशितासानांचे वडील जेवता जेवता अचानक गेले. त्याला बावीस वर्षं झाली, तरी त्यांच्या थडग्यावर पाणी घालताना सरपंच अजून फुरंगटलेले असतात. डोंगरावर जाताना आपल्या जागेजवळ टेम्पो लावणारा माणूस या गावात जन्मलेला नाही. टेम्पो भलतीकडे लावायचा आणि मग झुडपांतून वाकत, ओढा दोनदा ओलांडत खऱ्या जागेवर पोचायचं. कुणाचा टेम्पो पूर्वेच्या रानाशी दिसला, तर तो माणूस पूर्वेला नाही, एवढं गाव खात्रीने सांगतं.

मी नोरिए. माझे यजमान, तादोकोरो, या गावचे पोलीस. पुढच्या खोलीत ठाणं, मागच्या खोलीत आमचं स्वयंपाकघर, मधे एक सरकतं दार. ते बाहेर असले की फोन मी घेते, तक्रार मी ऐकते, हरवलेली मांजरं मी शोधते. गाव मला पोलीसवहिनी म्हणतं. तेरा वर्षं झाली. मार्चमध्ये हे निवृत्त होणार होते आणि यांच्या मनात होतं की इथेच एखादं रिकामं घर घेऊन राहावं. माझं मन होत नव्हतं. तेरा वर्षांत मला या गावाने सतरा प्रकारची लोणची दिली, पण मी चुलीपाशी आले की अळंबीचा विषय बंद. जागा नसलेला माणूस इथे पाहुणाच, आणि पाहुण्याने म्हातारपण कुठे काढावं हा मला प्रश्न होता.

तर बुधवारी संध्याकाळी शिगे-आजी ठाण्यात आल्या. सत्त्याहत्तर वर्षांची बाई, अर्धा कोस उतार चालत आलेली, पण आधी केस नीट केले, वाकून नमस्कार केला आणि मग म्हणाल्या, "आमचे हे अजून आले नाहीत. तुम्हाला त्रास देते."

आमचे हे म्हणजे कुमेझो-आजोबा, वय एक्क्याऐंशी, अळंबीतला गावचा राजा. दर ऑक्टोबरमध्ये देवळाच्या उत्सवाला सगळ्या गावासाठी अळंबीभात शिजतो. त्याला लागणारी अळंबी तीन पिढ्यांपासून त्यांच्या घरून येते. त्या एका भातासाठी ओसाकाला गेलेली मुलं, बाहेरगावी नाशपाती विकणाऱ्या सुना, नातवंडं सगळी गावात येतात. एकतीस माणसांचं गाव त्या रविवारी शंभराचं होतं. उत्सव चार दिवसांवर आला होता.

"टेम्पो कुठे आहे?" यजमानांनी विचारलं.

"पूर्वेच्या रानाशी."

"म्हणजे पूर्वेला नाहीत," यजमान म्हणाले आणि त्यांनी वहीत तसं लिहिलंसुद्धा. तेरा वर्षांत माणूस किती बिघडतो बघा.

त्या दिवशी अंधार पडेपर्यंत हाका मारून झाल्या. गुरुवारी उजाडल्याबरोबर शोध सुरू झाला. आमच्या ठाण्यातल्या टेबलावर नकाशा पसरला होता, भोवती बारा पुरुष. रात्र कोरडी गेली होती हे नशीब, पण रेडिओने सांगितलं की संध्याकाळपासून पाऊस आणि डोंगरावर कडाक्याची थंडी. एक रात्र म्हाताऱ्याने काढली असेल. भिजून दुसरी निघणार नाही, हे प्रत्येकाला कळत होतं. शिगे-आजी कोपऱ्यातल्या खुर्चीवर मांडीवर हात ठेवून बसल्या होत्या. त्यांच्याकडे बघवत नव्हतं.

आणि तरीही माझ्या डोळ्यांसमोर जे झालं ते ऐका.

"वायव्येचा उतार मी बघतो," सरपंचांचा चुलतभाऊ म्हणाला. "एकटाच जातो. तिथे पाय घसरतो."

"ओढ्याच्या वरच्या बाजूला माझ्याबरोबर कुणी नको," दुसरा म्हणाला. "तिथे गांधीलमाश्यांचं पोळं आहे. त्या मला ओळखतात."

"गांधीलमाश्या ओळखतात?" मी चहा ओतता ओतता विचारलं.

"अहो वहिनी, वीस वर्षांची ओळख आहे."

म्हणजे म्हातारा शोधायला निघालेला प्रत्येक जण आधी स्वतःची जागा झाकत होता. त्यांचं कुमेझो-आजोबांवर प्रेम नव्हतं असं नाही. सरपंचांचे डोळे रात्रभर न झोपल्याने लाल होते. पण सवय म्हणजे सवय.

सगळ्यांत उशिरा आले गेम्पेई-काका. हे कुमेझो-आजोबांचे जन्माचे प्रतिस्पर्धी, वय शहात्तर. तीस वर्षं त्यांचा एकच धंदा, कुमेझो-आजोबांच्या मागे मागे जाणं. आणि आजोबांचा एकच आनंद, त्यांना चुकवणं. दोघं एकमेकांना म्हातारड्या म्हणायचे आणि देवळात शेजारी शेजारी बसायचे. त्या दिवशी सकाळी सात वाजता गेम्पेई-काकांच्या पँटला गुडघ्यापर्यंत कुसळं चिकटलेली होती. म्हणजे स्वारी कुठेतरी जाऊन आलेली होती, तीही अंधारातच. नकाशाकडे त्यांनी पाहिलंही नाही. तोंडात मिठाची गुळणी धरून भिंतीला टेकून उभे राहिले.

"काका, तुम्ही कुठली बाजू घेता?" यजमानांनी विचारलं.

"कुठलीही द्या," ते म्हणाले.

ऑक्टोबरमध्ये गेम्पेई-काकांनी 'कुठलीही' म्हणावं हे मला खटकलं. मी ते मनात ठेवलं.

दुपारपर्यंत नकाशावर लाल पेन्सिलीच्या रेघा भरून गेल्या. पश्चिम झाली, उत्तर झाली, ओढा झाला. पोलिसांचं कुत्रं शहरातून यायला उद्या उजाडणार होतं. माणसं दमून आली, आम्ही बायकांनी केलेले भाताचे गोळे उभ्या उभ्या खाल्ले आणि पुन्हा गेली. पूर्वेचा कोपरा तेवढा पांढरा होता.

"पूर्वेला का नाही कुणी गेलं?" मी विचारलं.

सरपंचांनी माझ्याकडे दयेने पाहिलं. "वहिनी, टेम्पो पूर्वेला आहे."

"तेच म्हणते मी."

"कुमेझो-आजोबा काय वेडे आहेत टेम्पोजवळ जायला? आणि त्या रानामागे सुगिसाकाची खिंड. तिथे नुसते लावलेले देवदार. देवदाराखाली अळंबी येत नाही. तिथे ते जातील कशाला?"

बारा जणांनी माना हलवल्या. अळंबी नाही तिथे माणूस कसा असेल, असा एकंदर हिशेब.

शिगे-आजींना दुपारी मीच घरी घेऊन गेले. म्हटलं थोडं पडा, मी बसते. त्यांनी ऐकलं नाही. हात कामात असले की बरं वाटतं म्हणाल्या आणि चहा ठेवला. त्यांचं स्वयंपाकघर लख्ख, प्रत्येक वस्तू जागच्या जागी. ओट्यावर रविवारच्या भातासाठी मोठी पातेली घासून उपडी घातली होती. ती बघून मला भडभडून आलं, पण त्यांच्यासमोर कसं रडायचं.

"सकाळी मी म्हटलं या पुरुषांना," त्या पाठमोऱ्या राहून म्हणाल्या, "की ते पाइनच्या रानात नसतील. कुणी ऐकलं नाही."

"का नसतील, आजी?"

त्या कपाटाकडे वळल्या. मुळ्याच्या लोणच्याची बशी आणली, माझ्याकडे न बघता पुढे सरकवली आणि अंगणातल्या पर्सिमनच्या झाडाकडे बघत बसल्या.

मी लोणच्याची फोड उचलली. खाली सजावटीला नेच्याचं पान होतं. हिरवंगार, कडेला बारीक दाते. मी दुसरी फोड उचलली. पान जरा जास्तच हिरवं होतं. बोट लावलं तर प्लॅस्टिक.

आता कुरामातात नेचा म्हणजे गवत. दारात नेचा, गोठ्यात नेचा, न्हाणीघराच्या भिंतीतून नेचा. या गावात प्लॅस्टिकचा नेचा असणं म्हणजे समुद्रकाठच्या माणसाने मीठ विकत आणणं. शहरातल्या बाजारात मात्र भारी अळंबी पेटीत मांडतात तेव्हा खाली हाच नेचा अंथरतात, हे मी माहेरच्या मंडईत शंभरदा पाहिलं होतं.

"आजी, हे पान कुठलं?"

"टोपलीच्या तळाशी येतं," त्या म्हणाल्या. "फेकवत नाही. धुऊन ठेवते." त्यांनी ओट्याखालचा खण ओढला. आत अशी पानं एकावर एक नीट रचलेली. "सहा वर्षांची आहेत."

"तुम्ही त्यांना कधी विचारलं नाही?"

"विचारलं असतं तर त्यांना सांगावं लागलं असतं." मग त्यांनी पहिल्यांदा माझ्याकडे पाहिलं. "कुठून आणतात ते मला खरंच माहीत नाही हो, वहिनी. माहीत असतं तर रात्रीच सांगितलं असतं. पण मी हे सगळ्यांसमोर बोलले आणि ते जिवंत परत आले, तर ते मला कधीच क्षमा करणार नाहीत. तुम्ही काहीतरी करा."

म्हणजे राजा गेली सहा वर्षं विकतची अळंबी आणत होता. मला हसू आलं, पण क्षणभरच. झाकली मूठ सव्वा लाखाची असते, आणि ही मूठ उघडली की म्हातारा वाचूनही मेल्यासारखाच. ती न उघडता त्याला शोधायचं होतं, तेही पावसाआधी. घड्याळात पावणेदोन वाजले होते.

मी घरी धावले आणि स्वयंपाकघरात उभी राहून डोकं चालवलं. अळंबी मिळते ती जवळच्या निशिगावाच्या बाजारात. आपल्या गावातून बस जाते, पण तिच्यात बसलं की तिकिटाआधी बातमी पोचते. कुणाला न दिसता निशिगावाला जायचं तर दुसरी बस सुगिसाकाहून सुटते, खिंडीपलीकडून. खिंडीची जुनी पायवाट सुरू होते पूर्वेच्या रानामागे. जिथे टेम्पो उभा होता तिथून बरोबर पन्नास पावलांवर. काखेत कळसा आणि गावाला वळसा. कुमेझो-आजोबांनी टेम्पो अगदी खऱ्या जागी लावला होता, कारण आपलं गाव खऱ्यावर विश्वास ठेवणार नाही हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

मी निशिगावाच्या बसवाल्यांना फोन लावला. त्यांनी सुगिसाकाच्या ड्रायव्हरला बोलावलं.

"टोपलीवाले आजोबा ना?" ड्रायव्हर म्हणाला. "दर ऑक्टोबरात असतात, बुधवारचे. मांडीवर टोपली, तिच्यावर फडकं, आणि फडक्यावर दोन्ही हात. मी एकदा विचारलं काय आहे, तर म्हणाले मांजर."

"काल होते?"

"होते की. दोन चाळीसला सुगिसाकाला उतरले. मला एक संत्रं दिलं."

दोन चाळीसला उतरलेला माणूस साडेचारपर्यंत टेम्पोशी यायला हवा होता. म्हणजे ते खिंडीच्या वाटेवर होते. सरळ, उघड्या वाटेवर, आणि सारं गाव उरलेल्या तिन्ही दिशांना शोधत होतं.

पुढच्या खोलीत यजमान, सरपंच आणि गेम्पेई-काका नकाशावर वाकलेले होते. मी सरकतं दार उघडलं.

"बसच्या ड्रायव्हरने काल आजोबांना सुगिसाकाला उतरताना पाहिलंय. ते खिंडीच्या वाटेवर आहेत."

"सुगिसाकाला?" सरपंच ताठ झाले. "ऐन अळंबीच्या दिवसांत? कशासाठी?"

तिघंही माझ्याकडे बघत होते. गेम्पेई-काकांची नजर तर माझ्या तोंडावरून हलेना. काहीतरी बोलायला हवं होतं.

"दातांच्या डॉक्टरकडे," मी म्हटलं. "निशिगावाला. कवळी बसवायची होती. शिगे-आजींनाही कळू द्यायचं नव्हतं."

सरपंचांनी मांडीवर थाप मारली. "तरीच. मला वाटलंच होतं. एक्क्याऐंशीव्या वर्षी इतके सरळ दात कुठे असतात?"

कुमेझो-आजोबांना आपल्या दातांचा भलता अभिमान. अठ्ठावीसच्या अठ्ठावीस स्वतःचे. पण एक मूठ झाकायची तर दुसरी उघडी पडणारच, असं म्हणून मी स्वतःला माफ केलं.

यजमान आणि सरपंच स्ट्रेचर घेऊन गाडीने वळसा घालून सुगिसाकाच्या बाजूने निघाले. अलीकडून चढायला गेम्पेई-काका आणि मी. त्यांनी मला नको म्हटलं नाही, थांबलेही नाहीत. शहात्तराव्या वर्षी हा माणूस कसा चढतो देव जाणे. माझा दम अर्ध्या वाटेतच संपला, पण गप्प राहणं मला जमत नाही.

"काका, पहाटे कुठे गेला होता? पँटला कुसळं होती."

"त्याच्या जागेवर."

मी जागच्या जागी थांबले. "तुम्हाला त्यांची जागा माहीत आहे?"

"अठ्ठावीस वर्षं."

"मग तीस वर्षं मागे मागे कशाला फिरता?"

"नाही फिरलो तर त्याला कळेल ना, की मला माहीत आहे." हे त्यांनी अशा सुरात सांगितलं की जणू मीच अडाणी.

"आणि तिथली अळंबी कधी…"

त्यांनी वळून पाहिलं. मी देवळातली घंटा चोरलीत का असं विचारलं असतं, तरी त्यांचा चेहरा इतका पडला नसता. "दुसऱ्याच्या जागेवरची तोडतात होय, वहिनी?"

मी ओशाळले. आम्ही थोडं चढलो. मग तेच आपणहून म्हणाले, "सहा वर्षांपूर्वी तिथल्या पाइनना कीड लागली. एका उन्हाळ्यात सगळे लाल होऊन वाळले. आता तिथे कुत्र्याची छत्रीही उगवत नाही. मी पहाटे गेलो, म्हटलं वाळलेल्या झाडांत जाऊन बसला असेल म्हातारडा. नव्हता." ते दोन पावलं चालले. "तो उत्सवाला कुठून आणतो ते मला विचारू नका. मी त्याला विचारलेलं नाही."

"नाही विचारत," मी म्हटलं.

सकाळी ते 'कुठलीही द्या' का म्हणाले हे मला तेव्हा कळलं. त्या खोलीत एकटे तेच असे होते, ज्यांना ठाऊक होतं की पाइनच्या कुठल्याच रानात कुमेझो-आजोबांचं आता काही उरलेलं नाही.

खिंडीच्या थोडं अलीकडे वाट ओल्या दगडांवरून वळते. काका त्या वळणाआड दिसेनासे झाले. ढग खाली उतरले होते आणि पहिले थेंब पानांवर वाजायला लागले होते. मी गुडघ्यांवर हात ठेवून धापा टाकत होते, तेवढ्यात वरून आवाज आला. अगदी बारीक, पण खडूस.

"कोण ते? गेम्पेई?"

"हो."

"शेवटी गाठलंस मला."

"तीस वर्षं लागली," गेम्पेई-काका म्हणाले. "पळतोस लेका फार."

मला तिथेच बसून रडू फुटलं. मोठ्याने नाही, पण चांगलं रडले. चार-पाच मिनिटं तरी गेली असतील. मग पदराने, म्हणजे एप्रनने, तोंड पुसलं आणि वर गेले.

आजोबा वाटेच्या खाली, एका देवदाराच्या बुंध्याला टेकून पडले होते. घोटा सुजून भोपळा झालेला, ओठ निळे, अंगावर गेम्पेई-काकांचं जाकीट. डोळे मिटलेले. गेम्पेई-काका माझ्याकडे पाठ करून बसले होते आणि त्यांच्या मांडीवर ती टोपली होती. मी जवळ गेले तेव्हा त्यांनी टोपलीवर फडकं ओढलं, पण माझं लक्ष त्यांच्या हातमोज्याकडे गेलं. मोज्याच्या पाठीवर पांढऱ्या कागदाची एक चिकटपट्टी राहिली होती. तिच्यावर छापील किंमत आणि कुठल्याशा दूरदेशीच्या प्रांताचं नाव.

मी ती सोलून घेतली आणि खिशात टाकली. आजोबांचे डोळे मिटलेलेच होते. पण झोपलेल्या माणसाच्या पापण्या अशा थरथरत नाहीत.

पाच मिनिटांनी पलीकडून यजमान आणि सरपंच आले. सरपंचांनी आधी आजोबांचा हात धरला, मग त्यांना रडू कोसळलं, मग त्यांनी टोपलीत डोकावलं.

"आजोबा, अहो, ही तर अळंबी. खिंडीत? देवदाराखाली?"

पाऊस वाढत होता.

"माझी आहे," गेम्पेई-काका म्हणाले. "सकाळी तोडली. कुठे ते विचारू नका."

"विचारत नाही, विचारत नाही," सरपंच घाईने म्हणाले आणि स्ट्रेचरचं टोक धरलं. या गावात त्या वाक्यापुढे कायदाही चालत नाही.

रविवारी भात झाला. शंभर माणसं जेवली. ओसाकाची नातवंडं पातेल्याच्या तळाची खरपुडी मिळावी म्हणून भांडली. सरपंच दुसऱ्यांदा वाढून घेताना डोळे मिटून म्हणाले, "काही म्हणा, आपल्या डोंगराच्या वासाची सर शहरातल्या मालाला नाही." शिगे-आजी माझ्या शेजारी वाढत होत्या. त्यांनी डाव खाली ठेवला, तोंडाला पदर लावल्यासारखा हात लावला आणि खांदे हलेपर्यंत हसल्या.

मंगळवारी मी निशिगावाच्या दवाखान्यात आजोबांना भेटायला गेले. पाय प्लॅस्टरमध्ये टांगलेला. मला बघताच म्हणाले, "कवळी?"

"सुचलं ते बोलले, आजोबा."

"कवळी. माझी. काल सरपंच आला आणि म्हणतो, दाखवा की नवीन, लाजता कशाला. मी त्याला चावून दाखवणार होतो." ते बराच वेळ धुसफुसत होते. मी संत्री सोलत होते. मग बाहेरची नर्स गेली आणि त्यांनी हाताने मला जवळ बोलावलं. "दार लावा."

मी दार लावलं.

"डॉक्टर म्हणतो, आता खिंड चढायची नाही. कधीच." त्यांनी छताकडे पाहिलं. "मुलगा ओसाकाला. त्याला सांगून उपयोग नाही, तो मोबाइलवर सगळ्यांना दाखवेल. गेम्पेई मेला तरी विचारणार नाही. तुम्ही मार्चनंतर जाणार का राहणार?"

"ठरलं नाही अजून."

"राहा," ते म्हणाले, आणि मग आवाज अगदी खाली आणला. तेरा वर्षांत चुलीपाशी जो आवाज मी आत गेल्यावर थांबायचा, तोच हा आवाज. "इथल्याच बाजारात, डावीकडून तिसरं दुकान. नुइ नावाची बाई आहे. माल मंगळवारी रात्री येतो, म्हणून बुधवारी सकाळी जायचं. वरच्या थरातली घ्यायची नाही, खालची पेटी उघडायला लावायची. म्हणायचं, कुरामाताच्या म्हाताऱ्याने पाठवलंय. आणि कुणालाही सांगायचं नाही. नवऱ्यालासुद्धा."

मी मान हलवली.

"चिकटपट्ट्या बसमध्येच काढायच्या," ते म्हणाले. "मी आळस करायचो."

यजमानांना मी त्या रात्री एवढंच सांगितलं की ते घर आपण घेऊ. त्यांनी कारण विचारलं. मी म्हटलं, विचारू नका.

पुढच्या ऑक्टोबरात उत्सवाच्या आधीच्या बुधवारी मी आमचा नवा-जुना टेम्पो पूर्वेच्या रानाशी लावला. पाठीला टोपली, त्यावर फडकं. पन्नास पावलं गेले नसेन, तोच गेम्पेई-काका समोरून खाली येताना दिसले. हातात कोयता, खांद्यावर उरलेल्या दोरखंडाचं वेटोळं.

"काय वहिनी," ते म्हणाले. "जागा मिळाली वाटतं."

"मिळाली."

"कुठे?"

"सांगतात होय, काका?"

त्यांनी समाधानाने मान हलवली आणि वाट सोडून बाजूला झाले. वर ओल्या दगडांच्या वळणावर नेचा कापून वाट मोकळी केलेली होती, आणि एका देवदारापासून दुसऱ्या देवदारापर्यंत नवा दोर ताणून बांधला होता. मी तो धरला आणि खिंड चढले, कारण सुगिसाकाची बस कुणासाठी थांबत नाही.